तारा नसलेलं उदाहरण

मी अहमदपूरच्या एका कॉलेजात तासिका तत्त्वावर गणित शिकवत होते, तेव्हा नांदेडला पीएच.डी.साठी नाव नोंदवलं. तासिका तत्त्वावर म्हणजे जितके तास घेतले तितकीच नोकरी. पावसाळ्यात ऑर्डर निघते आणि परीक्षा आल्या की आपण घरी. लग्नाला सहा वर्षं झाली होती, मुलगी बालवाडीत जायला लागली होती, आणि घरात सगळ्यांचं म्हणणं पडलं की डॉक्टर झालीस तर कायम होशील. माझंही तेच म्हणणं होतं. गणिताच्या ओढीनं मी तिकडं गेले असं आज कुणी माझ्याबद्दल बोललं की मी गप्प बसते. ते खरं नाही, पण अगदीच खोटंही नाही.

विषय ग्राफ थिअरी मिळाला, कारण माझ्या गाईड सरांचा विषय तो होता. ग्राफ म्हणजे पेपरात छापून येतो तो चढ-उताराचा आलेख नव्हे. काही ठिपके घ्यायचे आणि त्यांतल्या काहींना रेघांनी जोडायचं, एवढाच तो ग्राफ. ठिपक्यांना गावं समजा, रेघांना रस्ते समजा, नाहीतर काहीच समजू नका. सासूबाई एकदा माझ्या वहीत डोकावून म्हणाल्या, "रांगोळी काढायलीस व्हय?" मी हो म्हटलं. समजावून सांगण्यापेक्षा ते सोपं होतं.

सर नांदेडच्या एका जुन्या कॉलेजात विभागप्रमुख होते. मूळचे किनवटकडचे, आश्रमशाळेत शिकून वर आलेले. साधा शर्ट, खिशात दोन पेनं, आणि बोलताना मधेच 'बराबर?' विचारायची सवय. विद्यार्थिनींना ते 'बेटा' म्हणायचे. मी दर गुरुवारी सकाळच्या एसटीनं लोह्यावरून नांदेडला जायची आणि संध्याकाळी परत यायची. सर कधी ओरडले नाहीत, कधी घरची कामं सांगितली नाहीत. गाईडच्या नावानं रडणाऱ्या मैत्रिणी मला भाग्यवान म्हणायच्या, आणि मी होतेच.

अडचण पुस्तकांची होती. आमच्या कॉलेजात डिस्क्रीट मॅथेमॅटिक्सची सात पुस्तकं होती, पण ती सातही एकाच परीक्षेच्या गाईडच्या प्रती, बीसीएच्या पोरांसाठी घेतलेल्या. ग्राफ थिअरीचं एक होतं, त्याची मधली चाळीस पानं कुणीतरी ब्लेडनं कापून नेली होती. कॉम्बिनेटोरिक्सचं, म्हणजे मोजण्याच्या गणिताचं, तर नाव ऐकून ग्रंथपालांनी स्पेलिंग लिहून द्यायला सांगितलं. विद्यापीठाच्या ग्रंथालयात दोन कपाटं भरून पुस्तकं होती, पण चांगली सगळी 'संदर्भ' शिक्क्याची. तिथंच बसून वाचायची, घरी न्यायची नाहीत. मी सकाळी आठला निघून अकराला पोचणारी, चारची गाडी धरणारी बाई. बसून वाचणार कधी? मग झेरॉक्स. पहिल्या वेळी सर म्हणाले होते, "थिअरीची पानं तेवढी काढ. मागच्या एक्झरसाइजचं काय काम हाय आपल्याला? आपल्याला काय परीक्षा द्यायची न्हाई." म्हणून मी प्रत्येक प्रकरणातली उदाहरणांची पानं सोडून उरलेली काढली आणि स्पायरल बाइंडिंग करून घेतलं. मोबाईलवरही मी पन्नासेक पुस्तकं उतरवून ठेवली होती. ती तशीच राहिली. पीडीएफ आहे म्हणजे आपण वाचलंय, असं तेव्हा वाटायचं.

माझा प्रश्न मला पेपर तपासणीच्या केंद्रावर सापडला. उन्हाळ्यात सगळ्या तालुक्यांतले प्राध्यापक नांदेडला उत्तरपत्रिका तपासायला येतात. किनवटच्या एक मॅडम रोज उशिरा पोचायच्या आणि केंद्रप्रमुखांची बोलणी खायच्या. एक दिवस डबा खाताना त्या वैतागून म्हणाल्या, "केंद्र तुमच्या सगळ्यांच्या सोयीचं हाय, कबूल. पण सगळ्यांच्या सोयीचं झालं की लांबचा एक मरतो. लांबच्याच्या सोयीनं ठेवा एखाद्या वर्षी, मग बघा तुमचे चेहरे." मुदखेडचे एक सर हसून म्हणाले, "मग मुदखेडला ठेवा, आमच्याकडं रेल्वे तरी हाय." सगळे हसले आणि डबे बंद झाले. माझ्या मात्र ते डोक्यात बसलं.

परतीच्या गाडीत मी तिकिटाच्या मागं ठिपके काढत होते. ज्या ग्राफमध्ये कुठूनही कुठंही जायला एकच वाट असते, त्याला आमच्यात झाड म्हणतात. झाडाला दोन मध्य असतात. एक सगळ्यांचा मध्य, जिथं सगळ्यांची मिळून चाल कमीत कमी पडते. दुसरा लांबच्याचा मध्य, जिथून सर्वांत लांबचा ठिपका शक्य तितका जवळ येतो. हे दोन एकमेकांपासून किती लांब जाऊ शकतात? मी कित्येक झाडं काढली. कशीही फिरवली तरी दोन मध्यांमधलं अंतर एकूण ठिपक्यांच्या चौथाईच्या वर जाईना. पाच महिन्यांनी ते सिद्ध झालं. सिद्धता अकरा पानांची होती.

सरांनी ती दोन गुरुवार वाचली. तिसऱ्या गुरुवारी खुर्चीत मागं टेकून म्हणाले, "बेटा, हे तुझं हाय. मी असं कुठंच पाहिलं न्हाई." मी जन्मात इतकी खूश झाले नव्हते. मुलगी झाली तेव्हाही भीती होती सोबत. या खुशीत काहीच मिसळलेलं नव्हतं. आम्ही दोघांच्या नावानं तो निबंध एका जर्नलला पाठवला, तो छापून आला. लातूरच्या एका परिषदेत मी तो वाचला, टाळ्या झाल्या, एका सरांनी 'चौथाईच का?' असा प्रश्न विचारला आणि मला उत्तर देता आलं. प्रबंधाचं तिसरं प्रकरण या एकाच गोष्टीवर उभं राहिलं आणि पुढची दोन प्रकरणं त्या तिसऱ्यावर. प्रबंध दाखल झाला. बाहेरच्या परीक्षकांचे अहवाल चांगले आले. मौखिक परीक्षेची तारीख तेवढी लागायची होती.

त्याच सुमारास आमच्या प्राचार्यांनी मला बोलावलं. ज्यांच्या हाताखाली प्राचार्य शिकले, असे एक गणिताचे निवृत्त शिक्षक लातूरला होते. त्यांना पक्षाघात होऊन दोन वर्षं झाली होती. घरात रंगकाम काढलं होतं आणि सूनबाईंना पुस्तकांचं कपाट रिकामं करायचं होतं. रद्दीत घालायचं मन होईना म्हणून त्यांनी प्राचार्यांना फोन केला होता. "तुमच्या विषयाची बरीच असतील, मॅडम," प्राचार्य म्हणाले. "जाऊन बघा. कामाची असतील ती लायब्ररीला आणा."

मी शनिवारी चाकूरवरून लातूरला गेले. सूनबाई जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवायच्या, माझ्याहून चार-पाच वर्षांनी मोठ्या. पुढच्या खोलीत ते सर खुर्चीत बसलेले होते. उजवी बाजू गेलेली, वाचाही गेलेली. धुतलेला पांढरा सदरा, डोळे मात्र पूर्ण जागे. मी पाया पडले तर डावा हात थोडा वर झाला.

लोखंडी कपाटात दोनशेच्या वर पुस्तकं होती. प्रत्येकाला खाकी कव्हर, पाठीवर शाईनं नंबर. आमच्या कॉलेजात काय, विद्यापीठातसुद्धा एवढी एका जागी मी पाहिली नव्हती. आकडेमोड कशी करायची ते न सांगता मोजायचं कसं ते सांगणारी पुस्तकं, ग्राफची, जाळ्यांची, रचनांची. हा माणूस आयुष्यभर अकरावी-बारावीला शिकवत होता. ही पुस्तकं त्यांना नोकरीसाठी लागत नव्हती.

मी एकेक पुस्तक त्यांच्या समोर धरून विचारायची, "सर, हे नेऊ का?" ते प्रत्येक वेळी घशातून एकच आवाज काढायचे. हो की नको, मला कळेना. मी सूनबाईंकडं बघितलं.

"न्या म्हणायलेत," त्या म्हणाल्या.

"तुम्हाला कळतं का त्यांचं?"

त्यांनी हातातलं फडकं झटकलं. मग आत जाता जाता हळूच म्हणाल्या, "न्हाई कळत, मॅडम. कुणीतरी ठरवावं लागतं की. मी ठरवते."

कॉलेजसाठी सहा खोकी बांधली आणि सात पुस्तकं मी स्वतःला वाचायला पिशवीत घेतली. निघताना सर माझ्याकडं बघत नव्हते, रिकाम्या कपाटाकडं बघत होते.

दुसऱ्या दिवशी रविवार. जेवणं उरकली होती, मुलगी झोपली होती, नवरा बाहेरच्या खोलीत क्रिकेट बघत होता. मी सातांपैकी एक पुस्तक उघडलं. ग्राफ थिअरीचं जुनं परदेशी पुस्तक, पानं चहाच्या रंगाची झालेली. झाडांचं प्रकरण लागलं. ही पानं माझ्याकडं झेरॉक्समध्ये होती, चांगली ओळखीची. ती संपली आणि मी सवयीनं पुढं गेले. पुढं उदाहरणं होती. माझ्या स्पायरलमध्ये नसलेली तीन पानं.

उदाहरण चौदावं वाचून मला आधी आनंद झाला. हे खरं सांगते. गर्दीत अचानक आपल्या गावचं माणूस दिसावं तसं झालं. अरे, हा तर माझा प्रश्न! दोन मध्यांना तिथं वेगळीच जुनी नावं होती, मी इंटरनेटवर शोधताना कधी न टाकलेली. पण ठिपके, अंतर, चौथाई, सगळं तेच. 'सिद्ध करा.' एवढंच. त्या पुस्तकात अवघड उदाहरणांपुढं तारा छापलेला होता. बाराव्यापुढं होता, पंधराव्यापुढं होता. चौदाव्यापुढं नव्हता.

समासात पेन्सिलीनं बारीक मराठी अक्षर होतं. 'लांबचं टोक ज्या फांदीत, ती फांदी मोजा. सगळ्यांच्या मध्यापासून निघालेल्या फांदीत निम्म्याहून जास्त ठिपके नसतात. पण या फांदीची लांबी अंतराच्या दुप्पट तरी असते. झालं.'

चार ओळी. मी त्या तपासल्या. कुठंतरी फट निघेल असं वाटून पुन्हा तपासल्या. बरोबर होत्या. माझ्या अकरा पानांत जे मी भिंत खणून काढलं होतं, तिथं दार होतं.

नवरा पाणी प्यायला आत आला आणि माझं तोंड बघून म्हणाला, "काय झालं?" तो तहसीलमध्ये कारकून आहे, गणिताशी त्याचा संबंध नाही, पण मी सगळं सांगितलं आणि त्यानं सगळं ऐकलं.

"म्हणजे चोरी झाली का?"

"चोरी कशी? मी हे आज पहिल्यांदा बघतेय."

"मग झालं की. कुणाला कळणार हाय?"

मी पुस्तक मिटलं. तो पेला धुऊन पालथा घालत म्हणाला, "तुला कळलं, तेच वाईट झालं बघ." आणि मॅच बंद करून तो माझ्याजवळ येऊन बसला.

गुरुवारी मी पुस्तक घेऊन नांदेडला सरांच्या घरी गेले. कॉलेजात बोलवेना म्हणून घरी. सरांनी चष्मा बदलून उदाहरण वाचलं, पेन्सिलीच्या ओळी वाचल्या. मग पुन्हा पहिल्यापासून वाचलं. आतून कुकरची शिट्टी झाली. काकूंनी पोहे आणून ठेवले, ते तसेच राहिले.

"हे अक्षर कुणाचं?" त्यांनी विचारलं.

मी सांगितलं.

"बारावीला शिकवणारा माणूस." सरांनी पुस्तक मिटलं आणि त्यावर हात ठेवला. "मी विद्यार्थी होतो बेटा, तेव्हा या विषयाची दोन पुस्तकं होती आमच्याकडं. दोन. हे त्यांत नव्हतं. नंतर मास्तर झालो, तेव्हा शिकवायला जेवढं लागतं तेवढं वाचत गेलो. तुला म्हणलो कुठंच पाहिलं न्हाई, ते खरंच म्हणलो होतो."

"मला माहीत आहे सर."

"आता काय करावं म्हणतेस?"

मी त्यासाठीच आले होते, की तेच सांगतील. मी म्हटलं, प्रबंध मागं घेता येईल का, तिसरं प्रकरण बदलता येईल का. सरांनी मान हलवली. तिसरं काढलं की चौथं-पाचवं पडतं. मागं घेतला की नोंदणीची मुदत संपलेली. नवी नोंदणी करायची तर गाईड लागतो, आणि त्यांची निवृत्ती पाच महिन्यांवर आली होती. हे सगळं त्यांनी सावकाश सांगितलं, पेशंटच्या नातेवाईकाला डॉक्टर सांगतो तसं. मग म्हणाले, "मी तुला गप्प बैस म्हणत न्हाई. सांग पण म्हणत न्हाई. मला ते जमत न्हाई. तू सांगशील तसं."

परत येताना मला त्यांचा राग आला. ओरडले असते, गप्प राहा म्हणून दटावलं असतं, तर मला धरायला काहीतरी मिळालं असतं.

पुढच्या आठवड्यात मी पुन्हा लातूरला गेले. का गेले, हे नवऱ्यानं विचारलं तर धड सांगता आलं नाही. ज्या माणसानं चार ओळी लिहिल्या त्याला दाखवावं, एवढंच मनात होतं. घराला फिकट पिवळा रंग झाला होता, कपाटाच्या जागी फ्रिज आला होता. सर त्याच खुर्चीत होते.

मी स्टुलावर बसून पुस्तक त्यांच्या मांडीवर उघडलं. स्वतःचं अक्षर दिसताच त्यांचा चेहरा बदलला. डाव्या हाताचं बोट ओळीवरून सरकायला लागलं. मी सांगू लागले, शाळेतल्या मुलीसारखी. "सर, मी पण हेच केलं. मला माहीत नव्हतं. मला अकरा पानं लागली, सर. तुम्ही हे कुठं छापलं होतं का? कुणाला दाखवलं होतं?"

त्यांचं बोट तिसऱ्या ओळीवर थांबलं. ते बोट तिथं आपटायला लागले, एकदा, दोनदा, जोरानं. घशातून तो आवाज. माझ्याकडं बघायचे, पुन्हा आपटायचे. तिसऱ्या ओळीत काही चुकलंय असं त्यांना म्हणायचं होतं का? की तीच खरी गंमत आहे असं? की पुस्तक माझं आहे, परत दे, असं? मी ओळ मोठ्यानं वाचली, "या फांदीची लांबी अंतराच्या दुप्पट तरी असते. हे का, ते विचारताय का सर?" त्यांनी मान हलवली, पण त्यांची मान हो-नाहीला सारखीच हलायची.

सूनबाईंनी नातवाची पाटी आणली. सरांच्या डाव्या हातात खडू दिला. त्यांनी घाम येईपर्यंत खटपट करून एक गोल काढला, त्याला चिकटून एक वाकडी रेघ, आणि रेघेवर दोन ठिपके. मग पाटी माझ्याकडं ढकलली आणि वाट बघत बसले. मी ते चित्र उलटं-सुलटं करून बघितलं. मी ग्राफ थिअरीत प्रबंध लिहिलेली बाई, आणि एक गोल, एक रेघ, दोन ठिपके मला वाचता येईनात.

"सर, कळलं," मी शेवटी खोटं बोलले.

त्यांना ते कळलं. त्यांनी खडू जमिनीवर टाकला आणि रडायला लागले, आवाज न करता, रागानं. सूनबाईंनी पदरानं त्यांचं तोंड पुसलं. "मनाला लावून घेऊ नका, मॅडम. मी चहा पाहिजे का विचारलं तरी कधी कधी असंच करायलेत." मला दारापर्यंत सोडायला आल्यावर म्हणाल्या, "पुन्हा या. एवढं जोर लावून काही सांगायला बघितलं न्हाई त्यांनी कित्येक दिवसांत." मी येते म्हटलं. अजून गेलेले नाही.

मौखिक परीक्षेला बाहेरच्या राज्यातले एक वयस्क प्राध्यापक रेल्वेनं आले. विभागाचा हॉल भरला होता. सरांचे सहकारी होते, विद्यार्थी होते, माझा नवरा रजा टाकून शेवटच्या रांगेत बसला होता. सांगायचं की नाही हे मी सकाळपर्यंत ठरवलं नव्हतं, आणि ठरवलं असं मला अजूनही म्हणता येत नाही. पडद्यावर तिसरं प्रकरण आलं, तो चौथाईचा निष्कर्ष आला, आणि माझ्या तोंडून इंग्रजीत वाक्य निघून गेलं की हा निष्कर्ष नवीन नाही; प्रबंध दाखल केल्यावर मला तो एका जुन्या पुस्तकात उदाहरण म्हणून सापडला; माहीत नसताना मी तो स्वतंत्रपणे काढला होता, पण तो माझा नाही.

हॉलमध्ये कुणीतरी खुर्ची सरकवली. मी परीक्षकांकडं बघत होते. आता उठतील, कागद गोळा करतील, संपेल सगळं.

परीक्षक शांतपणे म्हणाले, "हो, ते जुनंच आहे. मी वाचतानाच ओळखलं होतं. या विषयातल्या बहुतेकांना माहीत असतं. तुमची वाट लांबची आहे, पण ती तुमची आहे. पुढं चला."

मी पुढं गेले. चौथं प्रकरण, पाचवं प्रकरण, आभार. त्यांनी दोन प्रश्न विचारले, दोन्ही सोपे. पदवी देण्याची शिफारस त्यांनी तिथंच वाचून दाखवली, टाळ्या वाजल्या, नवऱ्याच्या मागं कुणीतरी शिट्टीसुद्धा मारली. रात्र रात्र जे मला गिळत होतं, ते त्या माणसाला माझा प्रबंध हातात घेतल्यापासून माहीत होतं, आणि ते त्याच्या लेखी एका ओळीइतकंही महत्त्वाचं नव्हतं. मला सुटल्यासारखं वाटायला हवं होतं. तसं वाटलं नाही. सगळ्या जोरानं दार ढकलावं आणि ते उघडंच असावं, तशी मी आत जाऊन पडले होते.

जेवणाच्या वेळी सर परीक्षकांना वाढत होते. माझ्याकडं त्यांनी बघितलं नाही. हात धुवायच्या जागी मी त्यांना गाठलं.

"सर."

"अभिनंदन, बेटा," ते नळाकडं बघत म्हणाले. मग नळ बंद करून रुमालानं एकेक बोट पुसत राहिले. "आज सांगणार हायस, एवढं मला सांगायचं होतंस."

"तुम्हीच म्हणाला होता सर, तू सांगशील तसं."

"ते मी माझ्या घरात म्हणलो होतो."

ते पुढं म्हणाले, "सगळ्यांना माहीत असतं म्हणाला तो. माझ्या विभागात, माझ्या पोरांसमोर. सगळ्यांना. अठ्ठावीस वर्षं मी हाच विषय शिकवून राहिलो." आवाज चढला नव्हता. रुमालाची घडी खिशात घालून ते परीक्षकांना स्टेशनवर सोडायला गेले.

मी त्या परीक्षेत फक्त माझा विचार केला होता. माझं खरं, माझं खोटं, माझी झोप. त्या पडद्यावर माझ्या नावाखाली त्यांचंही नाव होतं, हे मला माहीत होतं, रोज दिसत होतं, आणि तरी मी ते पाहिलं नव्हतं. पण आधी सांगितलं असतं तर काय झालं असतं? त्यांनी नको म्हटलं असतं तर मी थांबले असते का? हा प्रश्न मी पुष्कळदा सोडवायला घेते. सुटत नाही.

जर्नलला मी पत्र लिहिलं, की या निष्कर्षाखाली टीप छापावी. ई-मेल परत आला. दुसऱ्या पत्त्यावर पाठवला, त्याचं उत्तर नाही. तो निबंध तसाच आहे, दोघांच्या नावानं. मध्यंतरी कुठल्याशा दुसऱ्या विद्यापीठातल्या एका मुलानं माझ्या निबंधाचा आधार घेऊन पुढचं काम केलेलं मला दिसलं. त्याला लिहिलं. त्यानं 'थँक्यू मॅम' असं कळवलं.

कॉलेजनं शाल-श्रीफळ देऊन माझा सत्कार केला. मी अजून तासिका तत्त्वावरच आहे. जागाच निघाल्या नाहीत. पाटीवर नावाआधी डॉक्टर लागलं, एवढा फरक. सत्कारात प्राचार्यांनी मला दोन शब्द बोलायला सांगितलं. माझ्या डोळ्यांसमोर लातूरची ती पाटी आली, आणि मी आभार मानून खाली बसले.

सर निवृत्त झाले तेव्हा निरोप समारंभाचं निमंत्रण मला विभागाच्या ग्रुपवर दिसलं. वेगळा फोन आला नाही. मी गेले, मागच्या रांगेत बसले. भाषणात त्यांनी आपल्या सगळ्या विद्यार्थ्यांची नावं घेतली, त्यांत माझंही घेतलं, न अडखळता.

आता मी महिन्या-दोन महिन्यांनी त्यांना फोन करते. ते चांगलं बोलतात. गुडघ्याचं सांगतात, किनवटकडच्या शेतात बोअरला पाणी लागलं ते सांगतात, माझ्या मुलीची चौकशी करतात. तिच्यासाठी त्यांनी एकदा वहीभर कोडी पाठवली, स्वतःच्या हातानं लिहिलेली. मागच्या दिवाळीत मी धीर करून म्हटलं, "सर, त्या दिवसाबद्दल मला तुमच्याशी..."

"बेटा, रेंज जाऊन राहिली इथं," ते म्हणाले. "नंतर बोलू."

आवाज स्वच्छ येत होता. मागं काकू कुणालातरी फराळ वाढत होत्या, तेही ऐकू येत होतं. "बरं सर," मी म्हटलं, आणि फोन त्यांना ठेवू दिला.